बिनदुधाची कॉफी आणि माझी शुद्ध अरबी

आमच्या केदारसाठी मी एकदा शेजारच्या मुलीला अरबी भाषेत मागणी घातली. केदारचं लग्न तेव्हा दुसरीकडे ठरलेलं होतं, आणि त्या दुसरीकडच्या मुलीचे वडील माझ्या शेजारीच सोफ्यावर बसले होते.

केदार म्हणजे माझा मेहुणा, वैदेहीचा धाकटा भाऊ. नोकरी जुरोंग ईस्टला आणि मुक्काम आमच्याकडे पुंगोलला. म्हणजे रोज सिंगापूरच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत एमआरटी, म्हणजे इथली मेट्रो. पण त्याची कधी तक्रार नाही, कारण तक्रार करायची तर तोंड उघडावं लागतं. पोरगा अतिशय गुणी, पण अबोल. पुण्याच्या मानसीचं स्थळ आलं, दोघं फोनवर महिनोन्महिने बोलले (काय बोलले देव जाणे, बहुधा तीच बोलली), आणि लग्न ठरलं. साखरपुड्याआधी मुलगा कुठे राहतो, कसा राहतो, हे बघायला मानसीचे वडील दामले काका जातीने आले.

दामले काका रिटायर्ड माणूस. बारीक नजर, त्याहून बारीक मिशी. दोन दिवस त्यांनी केदारला शब्दांनी, नजरेने आणि मौनाने तपासलं. मग मला बाल्कनीत बोलावून म्हणाले, "सुधीरराव, मुलगा चांगलाय. पण मला एक कळत नाहीये. हा होकार त्याचा की तुमचा? लग्न करायचंय असं त्याच्या तोंडून मी अजून ऐकलेलंच नाही. तसं ऐकल्याशिवाय मी साखरपुड्याची तारीख काढणार नाही."

हे ऐकून वैदेहीला रात्रभर झोप लागली नाही. सकाळी तिने केदारला तंबी दिली, जरा मोकळेपणाने बोल. मला वेगळी तंबी दिली, तू अजिबात बोलू नकोस. तिचा रोख माझ्या अरबीवर होता.

त्याचं असं झालं, की आमच्याच मजल्यावर, कॉरिडॉरच्या टोकाला रीमा राहते. युनिव्हर्सिटीत संशोधन करणारी पॅलेस्टिनी मुलगी, घरचे नाब्लुसचे. तिच्याशी लिफ्टमध्ये चार शब्द बोलता यावेत म्हणून मी फोनवर अरबी शिकायला घेतली, आणि वर्षभर शिकलो. माझा पहिला धडा रीमाने लिफ्टचं दार धरून ऐकला. मग म्हणाली, "फारच सुंदर अरबी आहे, अंकल. पण ही आम्ही वाचतो. बातम्यांत ऐकतो. घरी कुणी असं बोलत नाही."

मग तिने मला समजावून सांगितलं. साधी कॉफी घ्या. पुस्तकातली अरबी तिला 'कहवा' म्हणते, आणि पहिलं अक्षर घशाच्या तळातून काढते. रीमाच्या वडिलांच्या शहरात ते अक्षर गिळूनच टाकतात आणि म्हणतात 'अहवे'. आई जवळच्या खेड्यातली, ती ठसक्यात म्हणते 'कहवे'. वाळवंटातल्या भटक्या बेदुइन लोकांत तीच 'गहवे'. पलीकडे लेबनॉनचा हेल निराळा, इजिप्तची बोली सिरियलींमुळे सगळ्यांना कळते, आणि मोरोक्कोचा माणूस भेटला की शेवटी दोघंही इंग्रजीवर येतात. मी तिला म्हटलं, आमच्याकडेही नागपूर, कोल्हापूर, मालवण सगळं आहे. पण पुण्यात आम्ही हा प्रश्न केव्हाच निकालात काढलाय. शुद्ध ते आमचं, बाकी सगळ्या बोली. तेव्हा मी शुद्धच शिकणार! असा निर्णय फक्त पुण्याचा माणूसच घेऊ शकतो, आणि मी तो घेतला. (आमची मुलगी इथल्या सिंगापुरी इंग्रजीत म्हणते, "पपा, नोबडी टॉक्स लाइक दॅट लाह." पण ती मराठीलाही हेच म्हणते.)

तर त्या दिवशी मंडळाचा पाडव्याचा कार्यक्रम आटोपून आम्ही परतत होतो. वैदेही पैठणीत, मी आणि केदार सिल्कच्या कुर्त्यांत घामाघूम, आणि दामले काका कडक पांढऱ्या सदऱ्यावर उपरणं घेऊन सगळ्यात पुढे. वैदेहीच्या हातात पेढ्यांचा डबा होता. ती म्हणाली, रीमाचे आईवडील आलेत, त्यांनाही केदारच्या लग्नाचे पेढे देऊन येऊ, म्हणजे दामले काकांनाही दिसेल की आपला शेजार किती चांगला आहे. बिचारीचा हेतू चांगला होता.

रीमा घरी नव्हती, लॅबमध्ये होती. दार तिच्या वडिलांनी उघडलं. त्यांना सगळे अबू सामी म्हणतात, म्हणजे सामीचे वडील. त्यांच्यात थोरल्या मुलाच्या नावाने आईबापांना हाक मारतात. त्यांनी एकदा आमच्या कपड्यांकडे पाहिलं, एकदा डब्याकडे, एकदा दामले काकांच्या उपरण्याकडे, आणि घाईघाईने शर्टाचं वरचं बटण लावलं.

मी पुढे झालो. वैदेहीने माझा कुर्ता मागून खेचला, पण उशीर झाला होता. मी शुद्ध अरबीत जे म्हणालो, त्याचं मराठी साधारण असं होईल: "हे आदरणीय महोदय, आपली संध्याकाळ प्रकाशमान होवो! आम्ही आपल्या सन्माननीय गृही शुभ कार्यार्थ आलो आहोत." अबू सामी ताठ झाले. आतून उम्म सामी, म्हणजे सामीची आई, धावत आल्या, आणि पाच मिनिटांत चिमुकल्या कपांतून काळी कॉफी आली.

आता मला तेव्हा माहीत नसलेली एक गोष्ट सांगायलाच हवी. त्यांच्याकडे मुलीला मागणी घालायला मंडळी येतात ती अशीच. नटूनथटून, मिठाई घेऊन, सगळ्यात वडीलधारा माणूस पुढे घालून. बोलायचं तेही एरवीच्या बोलीत नाही, चांगल्या भारदस्त पुस्तकी अरबीत. आणि कॉफी आली की वडीलधारा माणूस कप खाली ठेवतो. शिवतही नाही. आमची मागणी मान्य करा, मगच पिऊ, असा त्याचा अर्थ.

दामले काकांनी कपात डोकावून पाहिलं आणि कप खाली ठेवला.

"दूध मागून येत असेल," ते मला हळूच म्हणाले.

दामले काका थांबले म्हणून आम्हीही थांबलो. होणाऱ्या व्याह्यांच्या आधी कप तोंडाला लावायची आपल्यात कुणाची हिंमत आहे? चार कप टीपॉयवर तसेच राहिले. अबू सामींनी त्या कपांकडे पाहिलं आणि बायकोकडे पाहिलं. मग ते आपल्या बोलीत काहीतरी म्हणाले. मला ओ की ठो कळलं नाही. माझा चेहरा बघून त्यांनी तेच पुस्तकी अरबीत सांगितलं: "कॉफी प्या. तुमची मागणी मान्य आहे."

हे मात्र मला अक्षर न् अक्षर कळलं! वर्षभराची मेहनत फळाला आली. मी दामले काकांना सांगितलं, "दूध मिळतंय." काका समाधानाने मान हलवून वाट बघू लागले.

शब्द तर देऊन बसलो, आता मागणी काय हे कळायला हवं, म्हणून अबू सामी पुढे सरकले. मी विचार केला, दामले काकांसमोर केदारची तारीफ करायची याहून चांगली संधी कुठली? मी केदारच्या खांद्यावर हात ठेवला आणि येत होती तेवढी सगळी विशेषणं वापरली. हा तरुण इंजिनियर आहे. परिश्रमी आहे. धूम्रपान करत नाही. देवाच्या कृपेने याच वर्षी याचा विवाह होईल. ही मिठाई त्याचीच. प्रत्येक वाक्य मी काकांना मराठीत सांगत होतो, आणि काका केदारकडे बघत होते. केदार टीपॉयकडे बघत होता.

अबू सामींचा चेहरा उतरला. एकदा दिलेला शब्द त्यांच्याकडे परत घेता येत नाही. ते आता घाईघाईत, नाब्लुसच्या बोलीत, मला एकेक प्रश्न विचारू लागले. कळलं नाही तर हसून 'हो' म्हणावं, हे माझं धोरण. प्रश्न काय होते ते मला पुढे रीमाकडून कळलं. मुलीला हे माहीत आहे का? हो. ती याला ओळखते? हो हो. गेल्या सुट्टीत ती घरी आली नाही ती याच्यामुळे? मी छातीवर हात ठेवून म्हणालो, हो!

उम्म सामींच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहू लागलं.

"काय झालं हो त्यांना?" दामले काकांनी विचारलं.

"काही नाही," मी म्हणालो. "फार मायाळू लोक आहेत."

तेवढ्यात कुलूप उघडलं आणि लॅपटॉपची बॅग सावरत रीमा आत आली. आई तिच्या गळ्यात पडली. बाप खाली मान घालून बसला होता. तिघांचं काय ते बोलणं झालं, आणि मग रीमाने हात न लावलेले चार कप पाहिले, डबा पाहिला, शेवटी मला पाहिलं. तिला सगळा उलगडा झाला असावा, कारण तिने भिंतीला हात टेकला. मग अत्यंत शांतपणे, इंग्रजीत, सगळ्यांना कळेल असं तिने सांगितलं की सुधीर अंकलनी केदारसाठी मला मागणी घातलेली आहे, आणि बाबांनी ती मान्य केलेली आहे.

दामले काका उभे राहिले. वैदेही माझ्याकडे अशी बघत होती, की मला पुढची वीस वर्षं एकदम दिसली. साखरपुडा गेला, मानसी गेली, आणि बहुतेक मीही घराबाहेर गेलो.

"सुधीरराव," काका म्हणाले, "चला. मी उद्याचं विमान बघतो."

तेव्हा केदार उठला. कान लाल झाले होते. तो काकांच्या वाटेत उभा राहिला आणि म्हणाला, "काका, मला मानसीशीच लग्न करायचंय. दुसऱ्या कुणाशी नाही. ती नाही म्हणाली तरच मी थांबेन, तुम्ही नाही म्हणालात म्हणून थांबणार नाही."

एवढी लांब वाक्यं त्याच्या तोंडून सख्ख्या बहिणीनेही ऐकली नव्हती. वैदेही रडायलाच लागली. दामले काकांनी मिशीवरून हात फिरवला.

"मग हे आधी बोलायला काय झालं होतं?" ते म्हणाले.

मी तिथल्या तिथे हे सगळं अरबीत समजावून सांगायला तोंड उघडलं. रीमा म्हणाली, अंकल, प्लीज. तिनेच वडिलांना सगळं सांगितलं. अबू सामींनी प्रथम डोळे मिटून एक मोठा श्वास सोडला, आणि मग ते हसायला लागले ते थांबेचनात. डोळे पुसून त्यांनी कॉफी पुन्हा गरम करायला लावली. एक कप त्यांनी केदारच्या हातात दिला, लगेच तो खाली ठेवायला लावला, आणि दामले काकांकडे बोट दाखवलं. मुलीचे वडील तुम्ही. आता बोला.

दामले काकांना कुणी भाषांतर करून द्यावं लागलं नाही. त्यांनी उपरणं सारखं केलं.

"घ्या केदारराव, कॉफी घ्या," ते म्हणाले. "मुलगी दिली."

उम्म सामींनी तोंडाशी हात नेऊन असा काही आनंदाचा चीत्कार केला, की समोरच्या ब्लॉकमधले लोक खिडक्यांत आले. मग दोन्ही म्हातारे शेजारी शेजारी बसले. हे मराठीत, ते नाब्लुसच्या बोलीत, मुली मोठ्या करणं किती अवघड असतं यावर बराच वेळ बोलत राहिले. रीमाला मध्ये पडावं लागलं नाही. काकांनी ती काळी कॉफी दोनदा मागून घेतली.

निघताना दारात मी आभाराचं छोटंसं भाषण केलं, अर्थात शुद्ध अरबीत. अबू सामींनी छातीवर हात ठेवून ते शेवटपर्यंत ऐकून घेतलं आणि रीमाच्या कानात काहीतरी सांगितलं. ती सांगायला तयार होईना. वैदेहीने हट्टच धरला.

"बाबा म्हणतात, लग्नाला नक्की येऊ," रीमा म्हणाली. "फक्त पुढच्या वेळी काही सांगायचं असेल तर दामले अंकलना बोलू द्या. तुमच्यापेक्षा त्यांची अरबी चांगली कळते."