जनरलसाहेबांची शिष्टाई

भोपाळच्या मिसरोद भागातल्या आमच्या सोसायटीत मेजर जनरल अच्युत टेंबे राहायला आले तेव्हा मला पहिला प्रश्न पडला तो असा, की हा माणूस लिफ्टचं दार दुसऱ्यासाठी धरून का उभा राहतो? फौजेतला बडा अधिकारी म्हणजे मिशा, दरारा आणि चढा आवाज, अशी माझी समजूत. हे तर बोलतही बेतानं. मी नागपूरकर घरातली, सचिवालयातून निवृत्त झालेली बाई. समोरच्या दारात कोण आलंय हे कळेपर्यंत मला चहा गोड लागत नाही.

माहिती निघाली ती अशी. ग्वाल्हेरच्या एका मराठी मास्तरांचे हे धाकटे चिरंजीव. वडील अकाली गेले, तेव्हा थोरल्या दत्तात्रयांनी शिक्षण सोडून भोपाळला सरकारी नोकरी धरली आणि आईला नि धाकट्याला टी. टी. नगरच्या क्वार्टरमध्ये आणलं. धाकटा फौजेत गेला. बर्फात राहिला, गोळ्या खाता खाता वाचला, पुढे एका डिव्हिजनचा कमांडर झाला. निवृत्तीनंतर सरकारनं त्याला आफ्रिकेतल्या एका लहानशा देशात राजदूत म्हणून पाठवलं. लग्न केलंच नाही.

"काय करायचे हो तुम्ही तिकडे दिवसभर?" मी एकदा विचारलंच.

"जेवायचो," ते म्हणाले. "फौजेत हुकूम सोडायचो, तिकडे जेवायचो. आणि जेवताना समोरचा काय बोलत नाही, ते ऐकायचो."

हे उत्तर मला फार आवडलं. पण माझ्या डोक्यात दुसराच किडा वळवळत होता. सख्खा भाऊ याच गावात, आणि दिवाळीलासुद्धा येणं-जाणं नाही, हे काय गौडबंगाल? बरेच दिवस आडून आडून विचारल्यावर एका संध्याकाळी ते आपण होऊन बोलले.

आई अंथरुणाला खिळली आणि त्याच सुमारास तिकडे बंड झालं. आपल्याकडची माणसं, बायकापोरांसकट, दूतावासाच्या आवारात आसऱ्याला आली. "पहिल्या विमानात माझ्यासाठी जागा होती, कल्पनाताई. मी शेवटच्या विमानानं निघालो. इथे पोचलो तेव्हा तेरावं उरकलं होतं. दादानं दार उघडलं, पाणी दिलं आणि आत निघून गेला. त्यानंतर माझ्याशी बोललेला नाही."

आणि आता दत्तात्रयरावांचा मुलगा शैलेंद्र आईवडिलांना कायमचं बंगळुरूला नेणार होता. टी. टी. नगरजवळचं त्यांचं घर विकलं गेलं होतं. ऐंशी उलटलेला माणूस एकदा गाव सोडून गेला की परत कसला येतोय? भेट व्हायची तर आत्ताच, नाही तर कधीच नाही. हे अच्युतरावांना पुरतं कळत होतं, म्हणून तर त्यांची झोप उडाली होती.

पण या गृहस्थांनी काय करावं? त्यांनी मला वकील नेमलं. सीमेवर दोन्हीकडचे कमांडर भेटतात तेव्हा आधी मिठाई, मग हवापाणी आणि मुद्दा सगळ्यात शेवटी, असं त्यांनी मला समजावून दिलं. मी आधी चाचपणी करायची, दादांचा कल बघायचा. मग भेट तटस्थ जागी, म्हणजे ना मिसरोद ना टी. टी. नगर, शाहपुऱ्याच्या तलावाकाठी. पहिलं कोण बोलणार तेही आधीच ठरवायचं. मला हसू येत होतं, पण खरं सांगते, उत्सुकता त्याहून मोठी होती. पेढे घेऊन मी गेले.

घरभर खोकी. दत्तात्रयरावांच्या पत्नी अनुराधाबाई म्हणाल्या, "बसा ना ताई, जगह करते तुम्हाला." दत्तात्रयरावांनी माझं सगळं मुकाट्यानं ऐकून घेतलं. तलावाचं नाव निघताच मात्र त्यांचा चेहरा उतरला.

"त्याला सांगा, मी काही दुसरा देश नाहीये," ते म्हणाले. "हे सगळं ऑफिशियल काम माझ्याकडे बिलकुल नको." मी उठले, तर दारापर्यंत मागोमाग आले. "तो जेवतो का नीट?"

रागावलेला माणूस असं विचारतो? येताना रस्ताभर मी हाच विचार करत होते.

निरोप ऐकून अच्युतराव खुर्चीत मागे टेकले. आणि म्हणतात, "मग दुसरा प्रस्ताव असा ठेवू..."

माझं डोकंच फिरलं. "प्रस्ताव गेला चुलीत," मी म्हटलं. "धाकट्यानं थोरल्याच्या घरी जायला मध्यस्थ लागतो होय? अख्खी डिव्हिजन हलवलीत ना, आता स्वतः हला. जोडे घाला." आजवर त्यांना असं कुणी बोललं नसेल. ते निमूट उठले. गाडी त्यांनीच चालवली आणि लहानपणापासूनच्या ओळखीच्या भागात येऊनही वळण चुकले.

दार दत्तात्रयरावांनीच उघडलं. अच्युतराव वाकून पाया पडले, आणि मग दोघेही नुसते समोरासमोर बसले. अनुराधाबाईंनी ठेवलेला चहा गार होत चालला. मी मनात म्हणतेय, आता बोला कुणीतरी.

"मी तुझ्यावर रागावलो नव्हतो," शेवटी दत्तात्रयराव जमिनीकडे बघत म्हणाले. "आईला शेवटी दिसत नव्हतं. सारखी विचारायची, अच्या आला का. मी म्हणायचो, येतोय. शेवटच्या दिवशी मला राहवलं नाही. म्हटलं, आई, मी अच्याच आहे. तिनं माझा हात धरला, तुझं नाव घेतलं, भरभरून आशीर्वाद दिला, आणि गेली. तुझ्या वाट्याचं मी घेतलं, अच्या. तुला तोंड कसं दाखवायचं?"

इतकी वर्षं ज्याला सगळे राग समजत होते, ती लाज होती. आणि जन्मभर त्या आईचं सगळं करणाऱ्या या माणसाला शेवटी स्वतःचं नावही ऐकायला मिळालं नव्हतं, हे तो बोललासुद्धा नाही.

अच्युतरावांनी ते न बोललेलं ऐकलं असावं.

"दादा, तिला रोज कोण भरवायचं?"

"मीच. दुसरं कोण होतं?"

"मग तो हात तिला ओळखू येणार नाही? तिला कळलं होतं. तू खोटं बोलतोयस, तेही कळलं होतं. तुझं मन मोडू नये म्हणून तिनं माझं नाव घेतलं. आशीर्वाद तुलाच दिला."

हे त्यांना मनापासून वाटत होतं, की ही राजदूताची शिष्टाई होती? माझ्यासारख्या चौकस बाईनंही त्यांना हे आजवर विचारलेलं नाही.

दत्तात्रयराव आपल्या उजव्या तळव्याकडे कितीतरी वेळ बघत राहिले.

"खरंच?" त्यांनी विचारलं.

"खरंच, दादा," अच्युतराव म्हणाले.