गंगाधररावांचं अर्धं डोकं

बिरवाडीत गंगाधररावांच्या केसांना मान होता. छप्पन्नावं सरत आलं तरी डोकं काळं कुळकुळीत. कुणी गुपित विचारलं की ते म्हणत, "आमच्या घराण्यात केस पिकतच नाहीत. नाचणी खातो, राग करत नाही." यातलं एकही वाक्य खरं नव्हतं. राग तर ते पेपर उशिरा आला तरी करत.

खरं काय ते न्हाणीघराला माहीत होतं. अधूनमधून एखाद्या रविवारी गंगाधरराव दार लावून घेत आणि कलपाची पुडी प्लास्टिकच्या वाटीत ओतत. पुडी महाडहून आणलेली. बिरवाडीतल्या दुकानात घेतली असती तर संध्याकाळपर्यंत गावभर झाली असती. त्यात कोऱ्या चहाचं गार पाणी घालून जुन्या टूथब्रशने घोटत बसत. कारखान्यात ते स्टोअरला होते, पण घोटताना तोंडावर केमिस्टचा आव. लावायचं काम बायकोचं, तुळसाचं. केस कापायलासुद्धा ते रंग चढल्यावरच जात. न्हाव्याचं तोंड कात्रीपेक्षा जोरात चालतं, असं त्यांचं मत होतं.

त्या रविवारी उजवी बाजू लावून मुरत आली होती आणि फोन वाजला. पोलादपूरकडच्या मूळ गावातले चुलते, रामाआबा, गेले. म्हातारा दिवाळीपासून आज जातो, उद्या जातो करत होता. नेमका अर्ध्या डोक्यावर गेला.

तुळसाने ब्रश खाली ठेवला. "धुवा डोकं."

"अगं, डावी बाजू?"

"सुतक लागलं. डोक्याला तेल चालत नाय, तिथं कलप चालतोय?"

"पाच मिनिटं गो! आबांना आता कसली घाई?"

"आबांना नाय, भावकीला हाय. सुहासभावजी गाडी घेऊन निघालेत."

डोकं धुतलं. आरशात पाहिलं तर उजवीकडे अमावास्या आणि डावीकडे खाचरात बगळे उतरावेत तसं पांढरं. गंगाधररावांनी टॉवेल गुंडाळला. "कानात वारं शिरलंय," असं सांगत त्यांनी खांदा दिला, रडून घेतलं, आणि पुढचे सगळे दिवस टॉवेलातच काढले.

दहाव्याला मात्र पंचाईत झाली. विधी नदीवर. सगळ्या भावकीने डुबकी मारायची, म्हणजे टॉवेल काढायचा. शंभर माणसं काठावर, आणि त्यांतल्या निम्म्यांनी त्यांची नाचणीची कथा ऐकलेली.

तिकडे मुंडणावरून वेगळाच वाद पेटला होता. आबांचा मुलगा विनीत मुंबईहून आलेला. तो न्हाव्याला सांगत होता, "दोनच केस घे. सोमवारी ऑफिसात मोठी मीटिंग आहे." आनंदीबाई, आबांची बायको, डोळे पुसत होती.

गंगाधरराव तीरासारखे पुढे झाले आणि एका दगडाला पाठ टेकून न्हाव्यासमोर बसले. "आधी माझं. सगळं काढ. टॉवेल सरकवीन तसतसा वस्तरा चालव."

न्हाव्याने टॉवेलाखाली डोकावलं. "काका, या बाजूला ऊन जास्त लागतं काय?"

"तोंड बंद, हात चालू!"

शेवटचा केस पडला तशी आनंदीबाई हुंदका देऊन म्हणाली, "बघ रे विनीत! पुतण्या असून त्यानं आख्खं डोकं दिलं. तू पोटचा, आणि दोन केस?"

विनीत बसला. मग लाजेकाजेस्तव चुलतभाऊही एकेक करून बसले. सुहास टकलावर हात फिरवत पुटपुटला, "दादा, तुझ्या भक्तीपायी आमची डोकी गेली."

गुपित वाचलं. गंगाधररावांनी हिशेब मांडला: केस बोटभर वाढले की नवी पुडी.

पण महिन्याच्या विधीला सगळे पुन्हा जमले, तेव्हा गंगाधररावांच्या डोक्यावर एकसारखं पांढरं गवत उगवलं होतं. ते टोपी सावरायच्या आतच आनंदीबाईने त्यांचं डोकं कुरवाळलं आणि साऱ्या भावकीला ऐकू जाईल असं म्हणाली, "माझ्या धन्याच्या दुःखानं महिन्यात पिकला गो पोर! सख्ख्याला नाय, पण याला लागलं. हे केस मी मरेपर्यंत बघणार."

बाया हळहळल्या. सुहासने हात जोडले. आता काळं करणं म्हणजे आबांना विसरणं, आणि नाही म्हणायचं तर खरं सांगावं लागणार. गंगाधररावांनी मान खाली घातली.

तुळसा तोंडाला पदर लावून मागे उभी होती. तिचे खांदे हलत होते. लोकांना वाटलं, तीही रडतेय.