बोटभर कमी सुळा

आमचा शेजारी विरा गराए याला अख्ख्या सांतो बेटावर ‘मोजणीदार’ म्हणायचे. ते नाव मीच पाडलं होतं, आणि मला त्याची काडीचीही लाज वाटत नाही. इंग्रज आणि फ्रेंच असे दोन मालक आमच्या बेटांवर एकदमच राज्य करायचे, त्या काळात हा माणूस कचेरीसमोर रोज सकाळी दोन झेंडे चढवायचा. दोन्ही अगदी एका उंचीवर. इंग्रजांचा बोटभर वर गेला की फ्रेंच साहेब रुसायचा, फ्रेंचांचा गेला की इंग्रज. म्हणून गराएने खुणांची एक बांबूची काठी केली होती. अठरा वर्षं त्याने ती काठी काखेत मारून नोकरी केली.

संध्याकाळी तीच काठी घेऊन तो डुकराच्या खोपटाकडे जायचा.

डुकराचं नाव थोरले साहेब. वरचे दात लहानपणीच पाडलेले, त्यामुळे खालचा सुळा मोकळा वाढत, वळत, पुन्हा जबड्याकडे निघालेला. अशा डुकराला नीट चावता येत नाही. गराए त्याला उकडलेलं कोनफळ कुस्करून हाताने भरवायचा, रोज, साडेसहा वर्षं. सुळ्याचं वर्तुळ पुरं झालं की तो अंबेला, आमच्या मूळ बेटावर, डुक्कर घेऊन जाणार होता. तिथे सगळ्या गोतासमोर ते मारून तो मान घेणार होता. बाकीचे पुरुष लहानसहान डुकरं मारून एकेक पायरी चढत गेले. ह्याला एकदम वरचीच हवी. तोवर मानपानाच्या हिशेबात हा पन्नाशीचा गृहस्थ शेंबड्या पोराच्या बरोबरीचा.

“हिल्डावहिनी,” मी त्याच्या बायकोला कुंपणावरून विचारायची, “नवरा कधी तुमची उंची मोजतो का हो?”

“मला सुळा कुठे आहे गं,” ती म्हणायची.

मग ऐंशी साल उजाडलं. दोन्ही मालक जाणार, तीस जुलैला बेटं स्वतंत्र होणार, असं ठरलं. पण सांतोतल्या काही लोकांना हे मंजूर नव्हतं. आमचं बेट वेगळं, आमच्या चालीरीती वेगळ्या, आम्ही कुणाचं ऐकणार नाही, असं म्हणत मे महिन्याच्या अखेरीस ते धनुष्यबाण घेऊन शहरात शिरले आणि शहर ताब्यात घेतलं. आम्ही अंबेहून कामाला आलेली माणसं, त्यातून स्वातंत्र्याच्या बाजूची. दोन घरं लुटली गेली. एकाचं डोकं फुटलं. अंबेवाल्यांनी चालतं व्हावं, असा निरोप आला. चालतं व्हायला मधे पन्नास किलोमीटर समुद्र, हे निरोप आणणाऱ्याच्या लक्षात नसावं.

आमच्याकडे सुक्या खोबऱ्याच्या सोसायटीची एक लाँच होती. एकच. दुसऱ्या दिवशी सकाळी एकतीस माणसं चटया, कोंबड्या, पातेली घेऊन किनाऱ्यावर जमली. त्यात मी आणि माझ्या तीन मुली. भरतीचं पाणी दहापर्यंत टिकणार होतं. त्यानंतर प्रवाळाची रांग वर येते आणि लाँच बाहेर पडू शकत नाही. इंजिन काही केल्या लागत नव्हतं. साडेआठला माडांच्या वाटेवरून बातमी आली: ते धनुष्यवाले लाँच न्यायला येताहेत, त्यांना बेटाच्या दुसऱ्या टोकाहून त्यांची माणसं आणायचीत.

गराए कोयता घेऊन झाडीत गेला आणि नामेलेच्या झाडाची दोन लांब पानं तोडून आला. आम्हा बायकांच्या आणि वाटेच्या मधोमध, वाळूत, त्याने ती एकमेकांवर आडवी रोवली.

नामेले रोवलं की तिथे बंदी. ती ओलांडणाऱ्याला डुकरं भरावी लागतात, नाहीतर रक्त सांडतं. पण रोवण्याचा हक्क मानकऱ्याचा. बिनमानाच्याने रोवलं तर गुन्हा त्याचाच.

“अरे मोजणीदारा, वेड लागलं का तुला? तू आजवर कोंबडी तरी मारलीस का?”

“गप्प बस,” तो म्हणाला. “पोरींना मागे घे.”

नऊ जण आले. सहा धनुष्यं, दोन दंडुके, एक बंदूक. बंदूक रेमोंकडे होती. शहरातल्या गॅरेजात तो मोटारी दुरुस्त करायचा, माझ्या भावाशी त्याची चांगली ओळख. आता ओळख दाखवायला तयार नव्हता. त्यांच्या मागून सांतोच्या रानातला म्हातारा मानकरी मोल तुरासी काठी टेकत येत होता.

पानं बघून सगळे थांबले.

“हे कुणी रोवलं?” रेमोंने विचारलं.

“मी.”

“तू? झेंडेवाला?” रेमों हसला. “आज कुठला वर चढवायचाय, दादा? चला रे.” आणि त्याने पाय उचलला.

“पाय खाली ठेव,” मोल तुरासी म्हणाला.

“बाबा, हा कचेरीतला कारकून आहे!”

“आपण कशासाठी निघालो म्हणून सांगत होतास काल? चालीरीतींसाठी ना? मग खाली ठेव.”

पाय खाली आला, पानं न ओलांडता, पण जेमतेम वीतभर आधी. बंदुकीचं तोंड मात्र गराएच्या छातीकडेच राहिलं. मोल पुढे आला.

“किती डुकरं मारलीस?”

हा प्रामाणिक मूर्ख. “एकही नाही.”

“म्हणजे पान खोटं. दंड तुला, आणि लाँच यांची.”

मागे बायकांत कुणीतरी हुंदका दिला. मी पाण्याकडे पाहिलं. प्रवाळाचे पहिले काळे दगड डोकं वर काढत होते.

“मग खरं करतो,” गराए म्हणाला. “आत्ता. तुमच्या हातून मान घेतो, बाबा. माझ्याकडे सुळ्याचं डुक्कर आहे.”

मान द्यायला मोठा मानकरी लागतो, आणि कुणी सुळ्याचं डुक्कर पुढे केलं तर त्याला पाठ दाखवणारा मानकरी राहत नाही. गराएने म्हाताऱ्याला ठरवून पेचात धरलं की भीतीपोटी सुचलं ते बोलला, हे मी त्याला पुढे दहादा विचारलं. दर वेळी तो काठी उचलून चालू लागतो.

“आण,” मोल म्हणाला.

गराए गेला. आम्ही उभे. रेमों घड्याळ बघत होता, मी पाणी. इंजिनने दोनदा खोकून पुन्हा मान टाकली.

थोरले साहेब दोरीमागून डुलत आले. गराएच्या हाताला नाक घासत होते, कोनफळ मिळेल म्हणून. मोल वाकला, सुळ्यावरून बोट फिरवलं.

“बोटभर कमी आहे अजून. सहा महिने थांब. पुऱ्या वर्तुळाचा मान तुझ्या सात पिढ्यांत कुणाला मिळाला नसेल.”

“समुद्र थांबेल का सहा महिने, बाबा?”

त्याने दोरी मोलच्या हातात दिली, दंडुका मागून घेतला. डुकराच्या कानामागे तो रोज खाजवायचा, तसं एकदा खाजवलं. मग एकच घाव. पहिलाच, पण चुकला नाही. त्याने अठरा वर्षं नुसतं माप घेतलं होतं, नेम धरलेला मी तेव्हा प्रथमच पाहिला. मी हसले नाही.

मोलने रक्ताचं बोट त्याच्या कपाळाला लावलं. “पान खरं,” तो म्हणाला.

“आणि लाँच?” रेमों ओरडला.

“रोवणारा उपटेल तेव्हा.”

“मग उपटायला लावतो!” त्याने बंदूक गराएच्या गळ्याला टेकवली.

“उपटतो की,” गराए म्हणाला. आवाज पार चिरका झाला होता. “लाँच दिसेनाशी झाली की उपटतो. तोवर मी इथेच.”

तेव्हा हिल्डावहिनीला कळलं की तो लाँचमध्ये बसणार नाही. आम्ही लाँचमध्ये चढत होतो, ती पाण्यातून परत फिरली. मी तिचा दंड धरला, माझ्या मुलींनी, पदर धरावा तसा, तिचा झगा धरला. इंजिन लागलं. पावणेदहाला आम्ही प्रवाळावरून गेलो. तळ असा खरवडला की दात शिवशिवले. सगळे एका बाजूला झुकले, लाँच सुटली. किनाऱ्यावर गराए पानांशेजारी खांबासारखा उभा होता आणि बंदूक अजून वरच होती. मग माडच दिसू लागले, मग तेही नाहीत.

अकरा दिवस हिल्डा अंबेच्या किनाऱ्यावर होड्या बघत बसली. बाराव्या दिवशी एक होडी आली, तिच्यातून गराए उतरला. काखेत काठी. गळ्यात सुळा. मोलने मांस वाटून घेतलं आणि सुळा त्याला परत दिला होता.

“मांस खाल्लंस का रे?” मी विचारलं. काय करणार, जीभच तशी.

“नाही.”

“आणि रेमों?”

“त्याने दोनदा घेतलं.”

तीस जुलैला अंबेच्या शाळेच्या मैदानात नव्या देशाचा झेंडा चढवायला गराएलाच बोलावलं. आता तो मानकरी. सवयीने काठी घेऊन आला, आणि एकच खांब बघून नुसता उभा राहिला. मोजायचं कशाशी? झेंडा चढला, वारा लागला, आणि त्यावरचं चित्र उघडलं: नामेलेची दोन पानं, एकमेकांवर आडवी, आणि भोवती डुकराचा सुळा. लोक गात होते. हिल्डा रडत होती. गराए मान वर करून, डोळे बारीक करून बघत होता.

“काय रे मोजणीदारा, काय झालं?”

त्याने गळ्यातला सुळा चिमटीत धरला, त्याच्या दोन टोकांमधल्या फटीत बोट घातलं.

“त्यांचा पुरा वळलाय,” तो म्हणाला.