शून्य सिलिंडर, सगळे चालू

इमारतींची अग्निसुरक्षा दाखवणाऱ्या आमच्या कंपनीच्या ॲपवर बिबवेवाडीचं लेडीज हॉस्टेल हिरवं दिसत होतं. खाली ओळ: ‘सर्व फायर सिलिंडर चालू स्थितीत.’ मी आदल्याच दिवशी तिथे जाऊन आले होते. आग विझवायचा एकही लाल सिलिंडर तिथे नव्हता.

मी टेस्टर. दुसऱ्यांच्या प्रोग्रॅममधल्या चुका काढायचा मला पगार मिळतो. त्याआधी तर्कशास्त्रात एम.ए. केलं, ते ऑफिसात विनोदापुरतं उपयोगी पडायचं.

आमचे मॅनेजर देवधर यांना मी सांगितलं, “‘सर्व सिलिंडर चालू’ हे खोटं ठरवायला एक तरी बंद सिलिंडर लागतो. इथे सिलिंडरच नाही. म्हणून कॉम्प्युटर म्हणतो, खरं आहे.”

“खरं आहे ना? मग झालं तर.”

“तर्कशास्त्रात खरं आहे. आग लागल्यावर नाही.”

“अहो, तत्त्वज्ञानाचा तास नको. शुक्रवारी रिलीज आहे.”

जुने तत्त्वज्ञ ‘सर्व’ म्हटलं की निदान एक तरी आहे, असं धरून चालत. गणिती तर्कशास्त्राने ती अट काढली. कॉम्प्युटरने तेच उचललं, आणि आमच्या डेव्हलपरने विचार न करता.

मी रिलीजला मंजुरी दिली नाही. मग हॉस्टेलचे मालक शिरोळे यांच्यासमोर मीटिंग झाली. त्यांना मुद्दा देवधरांपेक्षा लवकर कळला.

“म्हणजे सिलिंडर नाहीत ती इमारत हिरवी?”

“हो.”

“आणि आमची खडकीची लाल, कारण तिथले दोन बंद आहेत?”

“हो.”

“मग ते दोन काढून टाकतो. विषय संपला.”

इतका हुशार विद्यार्थी आमच्या वर्गात नव्हता. देवधर मान डोलावत होते. मला मात्र बिबवेवाडीच्या हॉस्टेलचा एकच अरुंद जिना आणि त्याखालचे गॅसचे सिलिंडर आठवले. ते भरपूर होते.

“चालेल,” मी म्हणाले. “फक्त मेलवर लिहून द्या. ॲप मुलींच्या पालकांनाही दिसणार आहे. कुणी विचारलं तर तोच मेल पुढे पाठवीन.”

शिरोळ्यांनी चहा मागवला. मेल काही आला नाही.

प्रोग्रॅममध्ये एक अट वाढली: सिलिंडर शून्य असतील तर लाल. रिलीजनंतर पहिली तक्रार शिरोळ्यांचीच आली, ‘अपडेटमुळे ॲप बिघडलं.’ देवधरांनी ती माझ्या नावावर टाकली. काही दिवसांनी शिरोळ्यांनी कुरकुरत नवे सिलिंडर बसवले, इमारत हिरवी झाली, आणि देवधरांनी तक्रार बंद केली. शेरा: ‘ॲप दुरुस्त केलं.’

हल्ली कुणी ‘आमच्याकडे सगळं व्यवस्थित आहे’ म्हणालं, की मी आधी विचारते, “सगळं म्हणजे किती?”