जुन्या भाजण्याचा नंबर

खेमराज मेश्राम बालाघाटच्या एका दवाखान्यात कारकून होता आणि रोगांना नंबर द्यायचा. म्हणजे डॉक्टरांची गिचमिड वाचायची, जाडजूड इंग्रजी पुस्तकात तो रोग शोधायचा आणि त्याच्यापुढचा आकडा लिहायचा, की वर सरकारला कळावं, कुठे किती लोक कशाने आजारी पडले. हे तो नागपूरला जाऊन शिकून आला होता. पण मोहल्ल्याला कोण पटवणार? मोठ्या नंबरात माणूस दगावतो, अशी तिथे पक्की समजूत. "खेमराजभाऊ, मले जरा लहान नंबर दे," असं सांगायला म्हातारे खोकत खोकत घरी यायचे. हाही वस्ताद. "काढूनच ठेवला काका तुमच्यासाठी," म्हणायचा, आणि म्हातारा दोन दिवसांत टुणटुणीत होऊन हिंडायचा!

असा हा गडी अडुसष्ट सालच्या उन्हाळ्यात महागूमामाबरोबर किरनापूरला मुलगी पाहायला गेला. मामा उकव्याच्या खाणीत मुकादम, व्यवहाराला पक्का. शीला पाण्याचा तांब्या घेऊन बाहेर आली आणि खेमराज जागीच कामातून गेला. कान गरम झाले, उगाचच हसू येऊ लागलं. मुलीचे वडील पुनाराम विचारत होते नोकरीचं, हा सांगत होता, "हौ, हौ." मामाने कोपराने ढोसलं तर त्यालाही "हौ" म्हणाला.

मग सुपारी आली. त्यांच्यात रीत अशी, की मुलीने सुपारी दोन्ही हातांच्या ओंजळीत धरून पाहुण्यांपुढे यायचं. शीलाने मात्र एकच हात पुढे केला, डावा पदराखाली.

"दोन्ही हातानं दे पोरी," मामा म्हणाला.

शीलाने डावा हात बाहेर काढला. मागच्या बाजूला चकचकीत गुलाबी चट्टा, करंगळी थोडी वाकडी. तिची आई दुर्गाबाई दाराआडून पाहत होत्या. आधीचे पाहुणे इथेच उठून गेले होते.

आणि इतका वेळ नुसतं हौ हौ करणारा खेमराज एकदम फुलला. अखेर त्याला कळणारा विषय निघाला होता!

"कशानं भाजलं? पाणी का तेल?"

"तेलानं," शीला पुटपुटली. "लहानपणी."

"करंगळी सरळ होते?"

"पुरी नाई होत."

"मूठ करा पाहू." तिने केली. "वा!" खेमराज म्हणाला.

भाजलेल्या हाताला वा! पुनाराम उठून उभे राहिले. "पाहुणे, माही पोरगी बाजारातला गोऱ्हा नोहे. झालं तुमचं पाहणं. या आता."

मामा चपला शोधायला लागला. खेमराज मात्र जागचा हलेना. ही मुलगी गेली तर जन्मात दुसरी पसंत पडायची नाही, आणि घालवली कोणी? स्वतःच्याच जिभेने! त्याने हात जोडले.

"बाबा, आयका. हे भाजलेलं नोहे."

"मंग काय मेंदी हाय?" दुर्गाबाई दाराआडून कडाडल्या.

"भाजणं तवाच सरलं, मावशी. आमच्या कामात जुन्या भाजण्याले येगळाच नंबर हाय, अन् तोबी दुसऱ्या ओळीत. पहिल्या ओळीत, आज काय हाय, ते लिवा लागते. लोकं उलटं करते. जुनं भाजणं वर लिवते, अन् जित्तं माणूस खाली रायते." त्याने शीलाच्या हाताकडे बोट दाखवलं. "यायची मूठ होते. हात चालते. मले खुशी झाली, म्हणून वा म्हटलं."

"अबे, चुप बैठ," मामा कुजबुजला. "हा दवाखाना नोहे."

पुनारामांना रागवावं की बसावं, समजेना. मुलीने अशा वेळी बोलायचं नसतं, तिला विचारायचीही रीत नसते. पण शीलाच बोलली.

"मंग माह्या पहिल्या ओळीत काय लिवसान?"

खेमराजने वर पाहिलं. या वेळी हाताकडे नाही, तिच्याकडे. नागपूरला शिकलेलं सगळं डोक्यातून साफ उडालं.

"तुमीच सांगा," तो कसाबसा म्हणाला. "मी लिवून घेतो."

शीलाने बापाकडे पाहिलं, आईकडे पाहिलं, एका पायात चप्पल घालून उभ्या असलेल्या मामाकडे पाहिलं.

"लिवा," ती म्हणाली. "आज मले हे पाहुणे पसंत हायेत."