तिरका जोड

माझे डावखुरे मामा एकतीस वर्षं एका थिएटरात ऑपरेटर होते. केबिनच्या भोकातून सिनेमा दाखवता दाखवता त्यांना माणसांकडेही तसंच बघायची सवय लागली, असं मामी म्हणते. दूधवाला हसला, तरी मामा पातेल्यात डोकावतात.

त्याच, आता बंद पडलेल्या थिएटरात एक चित्रकार बाई जुन्या सिनेमाचं शेवटचं रीळ बारा पट हळू दाखवणार होत्या. दहा मिनिटांचं रीळ दोन तास! तांत्रिक काम माझ्याकडे होतं. मी हौसेनं सांगितलं, तर मामांचा घास हातातच राहिला.

"हळू कशाला? काय शोधतेय ती?"

"काही नाही हो, कला आहे."

"नायिका दारात वळते, ते किती वाजता येईल?"

"दहाला सुरू केलं तर अकरा चाळीस."

"आणि जोड किती वेळ दिसेल?"

"अर्धा सेकंद."

"बापरे! एवढा?"

रीळ कापून पुन्हा चिकटवलेल्या त्या जोडाबद्दल मी चकार शब्द काढला नव्हता.

"चोराच्या मनात चांदणं," मामी हसली. मामा हसले नाहीत.

त्या वळण्याची गोष्ट घरात सगळ्यांना पाठ होती. ती वळून हसते ती चित्रं कुणीतरी रिळातून कापून नेली, म्हणून मालकांनी दुसऱ्या ऑपरेटरला, लंबूकाकांना, काढून टाकलं. "लंबूनंच कापली," मामा दरवेळी सांगायचे.

खेळाच्या दिवशी लंबूकाका पुढच्या रांगेत बसले होते. मामा बरोबर त्यांच्या मागे, डावा हात खिशात. पडद्यावर नायिकेचा हात कडीपाशी गेला. मान वळू लागली. अकरा चाळीसला एक तिरकी काळी रेघ आली, आणि दार रिकामं.

लंबूकाका मागे न बघता म्हणाले, "उजव्या हातानं कापलं तर जोड असा पडत नाही रे."

मामांनी खिशातून पत्र्याची डबी काढून पुढे केली. लंबूकाकांनी आतली पट्टी पडद्याच्या उजेडात धरून मोजली.

"बारा. हसतेय अजून."

"मोह झाला, लंबू. मग तोंड उघडायला धीर झाला नाही."

"मालक गेले. आता कुणाला सांगणार?"

मामांनी मागे बसलेल्या लोकांकडे पाहिलं.

लंबूकाका उठले. "बाई, जरा थांबवा! या रिळात बारा चित्रं कमी आहेत. कुणी नेली, ते हा सांगतोय."

बाईंनी माझ्याकडे पाहिलं. मी रीळ थांबवलं, दिवे लावले.

मामा पुढच्या खुर्चीची पाठ धरून उभे राहिले.