बारावी दुपार

मंगळवारी सकाळी माझी बहीण वारली. गुरुवारी एक तारीख होती.

त्या तारखेला तिला काम होतं. गेले अकरा महिने, दर एक तारखेला दुपारी चार वाजता, ती आमच्या पनवेलच्या घरातल्या आरशासमोर स्टँडवर कॅमेरा लावून चार मिनिटं चित्रीकरण करायची. आरशात बैठकीची खोली दिसायची: गॅलरीचं दार, पडदा, समोरच्या बांधकामाची क्रेन. माणूस नाही, संगीत नाही. बारा दुपारी जोडल्या की फिल्म पूर्ण. नियम एकच, खोली त्या दिवशी असेल तशी घ्यायची. एकदा मी खुर्चीवरचा टॉवेल उचलला, तर दोन दिवस माझ्याशी बोलली नाही.

मावशी आमच्याकडेच राहते. पहिले काही तुकडे पाहून तिने विचारलं होतं, "अगं, पुढे काय होतं?"

"पुढे काही होत नाही, मावशी."

"मग मी चहा टाकते."

बहीण खूप हसली. नंतर मला म्हणाली, "उदासपणा मी नाही आणत, दादा. चार वाजता खोलीत असतो, तेवढाच घेते."

आम्ही बेने इस्रायली, कोकणातले ज्यू. आम्ही दफन करून परतलो तोवर मावशीने रिवाजाप्रमाणे आरशावर पांढरी चादर टाकली होती. सात दिवस ती काढायची नसते. घरच्यांनी जमिनीवर बसायचं, काम करायचं नाही.

गुरुवारी पावणेचारला मी कॅमेरा स्टँडवर चढवला. चादर काढणार नव्हतो. बहिणीच्या नियमात ती बसत होती.

"काय चाललंय?" मावशीने विचारलं.

"फक्त बटण दाबायचंय."

"ते कामच झालं. पाच दिवसांनी कर. आरसा कुठे पळून जातोय?"

"तारीख जाईल, मावशी."

"पोर गेली माझी, आणि तुला तारखेचं पडलंय."

मी खाली बसलो. चार वाजले. पंख्याच्या वाऱ्याने चादरीची कड हलत होती. मी बघत राहिलो. मावशीही बघत होती.

सव्वाचारला ती हळूच म्हणाली, "आता दाब. मी बाजूला सरकते."

"आता नको," मी म्हटलं.

दाबायला हवं होतं, असं मला अजून वाटतं. पुढच्या मंगळवारी चादर निघाली. नंतरच्या एक तारखेला मी कॅमेरा लावला नाही; तो तेरावा महिना झाला असता.

माझ्याकडे अकरा तुकडे आहेत, चव्वेचाळीस मिनिटं. बारावा नाही.